बर्फावरची पंचेचाळीस मिनिटं

दुबईहून परत आल्यापासून सांगलीत जो भेटतो तो विचारतो, "काय काय पाहिलंत?" लोकांना सोन्याचा बाजार, उंच इमारत आणि वाळूत उड्या मारणारी गाडी ऐकायची असते. मी सांगते, लहान मुलांचा आइस हॉकीचा सामना पाहिला. मग समोरचा माणूस दोन क्षण माझ्याकडे बघतो आणि गुडघ्याची चौकशी करतो. प्रत्येकाला तोंडी समजावत बसण्यापेक्षा लिहून काढलेलं बरं. सोन्याच्या बाजारासाठी जे वाचणार असतील त्यांनी वेळ वाया घालवू नये.

आधी माझ्याबद्दल. मी बत्तीस वर्षं मुलींच्या शाळेत पीटी शिकवली. त्यातली पंचवीस वर्षं खो-खोच्या सामन्यांना वेळाधिकारी म्हणून टेबलावर बसले. वेळाधिकारी म्हणजे घड्याळ सांभाळणारा. पाळी कधी सुरू झाली, गडी कितव्या सेकंदाला बाद झाला, पाळी कधी संपली, हे त्याने सांगायचं आणि बाकीच्यांनी ऐकायचं. निवृत्तीनंतरही माझं स्टॉपवॉच गळ्यातच असतं, सकाळच्या फिरण्याचं निमित्त सांगून. घरातले हसतात. हसू देत.

माझी लेक मेधा आणि जावई नितीनराव आठ वर्षं शारजाला होते. दरवर्षी "आई, ये ना" असा फोन यायचा आणि दरवर्षी माझ्या शाळेच्या परीक्षा आडव्या यायच्या. शेवटी गेले ती त्यांचं सामान बांधायला. मंदी आली, नितीनरावांची नोकरी गेली, व्हिसा रद्द झाला. तीस दिवसांत देश सोडायचा, असा तिथला कायदा. मी पोचले तेव्हा त्यातले पाच दिवस उरले होते.

शारजा, बुधवार

ते राहत होते रोल्ला नावाच्या भागात. परदेश बघायला आलेल्या माणसाची याहून मोठी फसवणूक नसेल. खाली उतरलं की साड्यांचं दुकान, त्याला लागून इडलीवाला, पलीकडे मोबाइल दुरुस्ती, आणि दुकानदार हिंदीत विचारणार, "आंटी, ब्लाउज पीस दिखाऊँ?" एवढ्यासाठी मी पासपोर्ट काढला होता.

बाल्कनीतून लांबवर बांधकामाच्या क्रेन दिसायच्या. मी मोजल्या, अकरा होत्या. मी तिथे होते त्या दिवसांत त्यातली एकही हलली नाही. मी म्हटलं, "नितीनराव, या कोणाची वाट बघताहेत?"

"मार्केट डाऊन आहे आई," ते म्हणाले. "पिकअप होईल, इन्शाल्ला."

आठ वर्षांत जावयाने एवढी एक गोष्ट मात्र पक्की शिकून घेतली होती. गॅसवाला कधी येणार? इन्शाल्ला. लिफ्ट कधी सुरू होणार? इन्शाल्ला. देवाला मध्ये घालून वेळ सांगण्याची ही पद्धत मला मुळीच पटत नाही. वेळ सांगायची तर मिनिटात सांगावी, नाहीतर माहीत नाही म्हणावं.

मेधाची भांडी खोक्यात गेली होती, म्हणून खाणं खालच्या कॅफेटेरियातून यायचं. मलबारी पोरोटा चांगला होता, हे कबूल करते. चहा मात्र डब्यातल्या दुधाचा, इतका उकळलेला आणि गोड की पहिल्या घोटाला दात शिवशिवतात. "एक दिरहॅम फक्त, म्हणजे तेरा रुपये," मेधा कौतुकाने म्हणाली. तेरा रुपयांत आमच्या कॉलेज कॉर्नरवर तीन जण चहा पितात आणि चौथ्याची चौकशी करतात.

सगळं घर खोक्यात गेलं होतं, फक्त एक बॅग दाराशी तशीच पडून होती. माझी नात सानिका तेव्हा नऊ वर्षांची. ती आत बसली असती तरी चेन लागली असती, एवढी ती बॅग मोठी. उघडली आणि कुबट वास घरभर झाला. आत लोखंडी पात्यांचे बूट, हेल्मेट, गुडघ्यांची कवचं, काठी. नितीनरावांच्या कॅनेडियन साहेबाच्या मुलीला ते सगळं लहान झालं म्हणून हिला मिळालं होतं. साहेब मंदी येताच सहकुटुंब कॅनडाला पोचला. त्याचा नाद मात्र आमच्या घरात राहिला.

"दोन वर्षं खेळतेस ना? किती गोल केलेस?" मी विचारलं.

"झिरो," सानिका म्हणाली. तिथली मुलं मराठी प्रश्नाला इंग्रजीत उत्तर देतात, आणि आईबाप त्यावर खूश असतात. "बट फ्रायडे इज माय लास्ट गेम. आय जस्ट वॉन्ट वन, आजी."

दोन वर्षांत शून्य. माझ्या शाळेतली मुलगी असती तर तिला मी कधीच गुण लिहायला बसवली असती. पण मेधा स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून मला डोळ्यांनी गप्प करत होती. रविवारी विमान होतं, पुढचा संसार पुण्यात. पुण्यात बर्फाचं मैदान नाही. शुक्रवारनंतर ते बूट म्हणजे नुसती दोन पाती, आणि हे नऊ वर्षांच्या पोरीला आमच्या सगळ्यांपेक्षा नीट कळलेलं होतं.

"किती वेळ चालतो तुमचा सामना?" मी जावयांना विचारलं.

"पंचेचाळीस मिनिटं, आई. पंधराचे तीन पिरियड. नऊला सुरू, दहाला आपण गाडीत."

आतून मेधाचं हसू ऐकू आलं. "दोन वर्षांत एकदा तरी दहाला गाडीत होतो का, नितीन?"

हमरिया, गुरुवार

दुसऱ्या दिवशी नितीनरावांना हमरिया फ्री झोनमधल्या त्यांच्या कारखान्यात शेवटचे कागद आणायला जायचं होतं. मी बघायला म्हणून बरोबर गेले. बघायला काही नव्हतं. आवारात लोखंडी तुळया रचलेल्या, त्यांच्यावर बारीक धूळ, आणि एका शेडच्या सावलीत दहाबारा कामगार बसलेले. मराठी ऐकून त्यातला एक उठून आला. राजापूरचा वेल्डर होता.

"साहेब, तुम्ही चाललात म्हणे. मग आमचं काय?" त्याने विचारलं.

"बघू. नवीन प्रोजेक्ट येतंय. होईल काहीतरी, इन्शाल्ला," नितीनराव म्हणाले आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

गाडीत बसल्यावर मी सरळ विचारलं, "येतंय का प्रोजेक्ट?"

"नाही आई."

"मग त्याला खोटं का सांगितलंत?"

"काय सांगायला हवं होतं मी?" ते म्हणाले. चिडून नाही, खरंच विचारत होते. मी म्हटलं, खरं सांगायचं, माणसाला आपली तयारी करता येते. त्या वेळी मला माझं बोलणं फार बिनतोड वाटलं होतं.

दुबई, शुक्रवार

शुक्रवार म्हणजे तिथला रविवार. सकाळी साडेआठलाच साडी पाठीला चिकटत होती, आणि मेधा म्हणत होती, "आई, शाल घे." मला वाटलं हिचं डोकं उन्हाने फिरलं. मॉलच्या आत मैदानाचं दार उघडलं आणि दात वाजायला लागले. बाहेर वाळवंट, आत बर्फ, आणि मध्ये एक काचेचा दरवाजा. एवढी वीज जाळून काय मिळवलं, तर लहान मुलांना घसरून पडायला जागा. आमच्याकडे ती पावसाळ्यात प्रत्येक अंगणात असते.

बरं, बर्फ केला तो केला, वर त्याचे लाड किती. एक मोठी गाडी बैलाच्या चालीने त्याच्यावर गोल गोल फिरते आणि पाणी सोडते. ते पाणी गोठलं की नवा गुळगुळीत बर्फ. हे प्रत्येक पिरियडनंतर पुन्हा. खो-खोचं मैदान आमच्या मुली पहाटे स्वतः झाडतात, पाणी मारतात, फक्कीच्या रेषा आखतात आणि त्याच मैदानावर खेळतात. गाडीवाला ठेवत नाहीत.

तिथली आणखी एक रीत अशी की सामन्याचं टेबल पालकांनी सांभाळायचं. एका संघाचा पालक घड्याळ बघणार, दुसऱ्याचा गोल लिहिणार. म्हणजे ज्यांची मुलं मैदानात आहेत त्यांच्याच हातात घड्याळ. आमच्याकडे वेळाधिकारी दोन्ही गावांच्या बाहेरचा असावा, यासाठी मी पत्रं पाठवून भांडलेली आहे. त्या दिवशी घड्याळाची पाळी नितीनरावांची होती. पण ऐन वेळी त्यांना सामान नेणाऱ्या ट्रकवाल्याचा फोन आला. फोन कानाला लावूनच ते म्हणाले, "आई, तुम्ही बसाल? तुमचंच तर काम आहे."

भिंतीवरचा विजेचा घड्याळफलक काळा पडलेला होता. मैदानावरचा फिलिपिनो माणूस नम्रपणे म्हणाला, "बोर्ड नॉट वर्किंग मॅम. टेक्निशियन गोन होम." मंदीने फलक दुरुस्त करणाऱ्यालाही घरी पाठवलं होतं. मी गळ्यातलं स्टॉपवॉच काढून टेबलावर ठेवलं. त्याने माझ्यासमोर भोंग्याचं बटण सरकवलं. वेळ संपली की ते दाबायचं, एवढंच काम.

शेजारची खुर्ची रिकामी होती. गोल लिहिणारे गृहस्थ दहा मिनिटं उशिरा आले. पांढराशुभ्र झगा, हातात कॉफीचे दोन कप. तिथलेच स्थानिक. त्यांचा मुलगा राशिद समोरच्या संघाचा गोलकीपर, म्हणून सगळे त्यांना अबू राशिद म्हणायचे, राशिदचा बाप. एक कप त्यांनी माझ्यापुढे ठेवला. हिंदी फर्डी होती, आपल्या पद्धतीची.

"खाला, सॉरी, ट्रॅफिक," ते म्हणाले. खाला म्हणजे मावशी.

"आज छुट्टी है. रास्ता खाली था," मी म्हटलं.

ते मनापासून हसले. त्यांना राग कसा येत नाही, याचाच मला राग आला.

सामना सुरू झाला. अंगावर गादी बांधल्यासारखी ती पोरं काळ्या रबरी चकतीमागे धावत होती, पडत होती, उठत होती, पुन्हा पडत होती. पंच शिट्टी वाजवायचा, सगळे थांबायचे, पुन्हा सुरू. मी घड्याळावर नजर ठेवली आणि बरोबर पंधराव्या मिनिटाला भोंगा वाजवला. दोन्ही संघ बावचळून उभे राहिले. पंच बर्फ उडवत टेबलापाशी येऊन थांबला.

"मॅम, व्हेन आय ब्लो, यू स्टॉप द क्लॉक."

खो-खोत शिट्टी वाजली म्हणून घड्याळ थांबत नाही. फाउल झाला तर झाला, पाळीची मिनिटं चालूच. पंचवीस वर्षं माझ्या बोटाला तीच सवय. इथे मात्र शिट्टी ते शिट्टी घड्याळ बंद ठेवायचं, आणि खरा खेळ होईल तेवढाच वेळ धरायचा. पोरं निम्मा वेळ नुसतीच उभी होती. पंच आणि अबू राशिद यांनी डोकी जवळ आणली आणि ठरवलं, अजून सात मिनिटं द्यायची.

"सात कशावरून?" मी विचारलं.

"अंदाज, खाला," अबू राशिद म्हणाले. "बच्चा लोग खेलता है. टाइम का क्या."

अंदाज. माझ्या टेबलावर हा शब्द पंचवीस वर्षांत कोणी उच्चारला नव्हता. पण चूक माझी होती, म्हणून कॉफी प्यायले. कॉफीत वेलदोडा फार होता.

दुसऱ्या पिरियडला मी प्रत्येक शिट्टीला घड्याळ थांबवलं. मग कळलं मेधा का हसली होती. एकाच्या बुटाची नाडी सुटते, थांबा. एकाचं हेल्मेट डोळ्यांवर येतं, थांबा. चकती जाळीत अडकते, सापडत नाही, मग सापडते, थांबा. एका मुलाने तर मधेच येऊन पंचाला सांगितलं की त्याला शू लागली आहे. पंधरा मिनिटांचा खेळ संपायला अडतीस मिनिटं लागली. मग पुन्हा ती गाडी आली आणि बैलाच्या चालीने पाणी शिंपत बसली. पंचेचाळीस मिनिटं म्हणणारे आमचे जावई अजून ट्रकवाल्याशीच बोलत होते.

या सगळ्यात सानिका कुठे होती? बहुतेक वेळ बाकावर, नाहीतर बर्फाच्या कडेला. तिची पाळी आली की ती जिवाच्या आकांताने धावायची आणि चकतीजवळ पोचायच्या आत चकती दुसरीकडे जायची. दोनदा ती पडली, एकदा स्वतःच्याच काठीवर. प्रत्येक वेळी उठून आधी टेबलाकडे बघायची. मी आहे ना, हे बघायची. मी तोंड कोरं ठेवलं. टेबलावरच्या माणसाने ओळख दाखवायची नसते.

तिसऱ्या पिरियडच्या आधी मॉलचा माणूस आला. जुम्म्याच्या नमाजासाठी मॉल बंद होणार, अकराला दिवे मालवणार, त्यात बदल नाही. सबंध देशात एकच वेळ पाळली जाते ती ही, असं माझ्या मनात आलं. पंचाने टेबलापाशी येऊन सांगितलं की आता घड्याळ थांबवायचं नाही. सरळ पंधरा मिनिटं, मग भोंगा, सामना संपला. म्हणजे दीड तास धिंगाणा घालून ते अखेर खो-खोच्याच नियमावर आले. तसं मी त्याला सांगितलंही. त्याला कळलं नाही.

राशिदचा संघ चार-तीनने पुढे होता. घड्याळ पळत होतं. तेरावं मिनिट उलटलं तेव्हा प्रशिक्षकाने सानिकाला शेवटच्या पाळीसाठी आत सोडलं. काचेपलीकडे मेधा दोन्ही हात तोंडावर ठेवून उभी होती. नितीनराव अखेर फोन खिशात घालून तिच्या शेजारी आले होते.

चौदा मिनिटं पन्नास सेकंदांना चकती कठड्यावर आपटून परत आली आणि सरळ सानिकाच्या काठीपाशी थांबली. आसपास कोणी नव्हतं. सगळी पोरं पलीकडच्या टोकाला एकमेकांवर पडलेली. ती वळली आणि निघाली. तिचं धावणं मला पहिल्यांदाच नीट दिसलं. वाकून, छोट्या पावलांनी, मान खाली. समोर फक्त राशिद, जाळीपुढे गुडघे जोडून.

चौदा अठ्ठावन्नला ती त्याच्यापासून दहा-बारा फुटांवर होती. माझा अंगठा बटणावर होता. पंधरा मिनिटं झाली. मी ती होताना पाहिली, काट्याखाली रेघ येताना पाहिली, आणि बटण दाबलं नाही.

तिने चकती मारली. ती राशिदच्या पायाला लागून परत आली. सानिका पडली. पडल्या पडल्या, गुडघ्यांवर, तिने काठी पुढे ढकलली आणि चकती जाळीत गेली. मग मी भोंगा वाजवला. घड्याळात पंधरा मिनिटं सहा सेकंद झाले होते.

पंचाने टेबलाकडे वळून हात वर केला. गोल धरायचा का, असं विचारत होता. हो म्हणून मी मान हलवली.

चार-चार. तिच्या संघातली पोरं तिच्या अंगावर कोसळली. राशिद जाळीत तसाच बसून राहिला. त्याचा जिंकलेला सामना गेला होता.

अबू राशिदनी कागद पुढे ओढला. प्रत्येक गोलापुढे मिनिट आणि सेकंद लिहायचे असतात. "टाइम बोलो, खाला," ते म्हणाले.

"चौदा अठ्ठावन्न," मी म्हटलं.

त्यांच्या मनगटावर तीन तबकड्यांचं भारी घड्याळ होतं. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मग मी सांगितलं तेच लिहिलं, सावकाश, सुबक अक्षरात. पेनला टोपण लावलं, उठले, काचेवर टकटक करून मुलाला हाक मारली. "माफी मुश्किला, हबीबी." काही हरकत नाही, असा त्याचा अर्थ. जाताना ते सानिकापाशी थांबले आणि तिला "मब्रूक", म्हणजे अभिनंदन, म्हणाले. माझ्याकडे वळून हात छातीवर ठेवला आणि गेले. रस्ता रिकामा असताना उशिरा येणाऱ्या त्या माणसाला मी सबंध सकाळ मनातल्या मनात तासलं होतं. आता तो पाठमोरा जाताना मला मान वर करवेना.

सानिका बुटांवर लटपटत टेबलापाशी आली. "आजी, हाऊ मच टाइम वॉज लेफ्ट?"

"दोन सेकंद," मी म्हटलं. एकदा सांगितलं होतं, तेच पुन्हा सांगितलं.

गाडीत बसलो तेव्हा अकरा वाजून पाच मिनिटं झाली होती.

पुणे

ही मंडळी पुण्याला येऊन आता चार महिने झाले. नितीनरावांना चाकणला नोकरी मिळाली आहे. पूर्वीपेक्षा लहान आहे, पण आहे. राजापूरच्या त्या वेल्डरचं काय झालं ते कळलं नाही. मी विचारलं नाही, आणि आता मला नितीनरावांना तो प्रश्न विचारायला तोंड नाही.

मागच्या महिन्यात मी त्यांच्याकडे गेले होते. सानिकाच्या नव्या शाळेतल्या तीन मुली घरी आल्या होत्या. ती त्यांना सामना सांगत होती, हातवारे करून, आणि मराठीत, कारण इथल्या मुली मराठीत विचारतात. बर्फ, काठी, राशिद, पडणं, दोन सेकंद. त्यातली एक चष्मेवाली मुलगी शहाणी होती. ती म्हणाली, "दोन सेकंदांत कोणी पडून गोल करतं का? काहीही सांगू नकोस."

सानिका तिच्यावर चिडली नाही. तिने फक्त माझ्याकडे बोट दाखवलं. "आजीला विचार. घड्याळ तिच्याकडे होतं. ती कोणालाच एक सेकंदसुद्धा जास्त देत नाही."

तिन्ही मुली माझ्याकडे बघायला लागल्या. हो म्हणून मी मान हलवली.